नांदगावात लिहिलेलं काळाचं पुस्तक : ग्रहलाघव

कालगणनेचा पाठ सुरू झाला की वर्गात एक प्रश्न हमखास येतो. "बाई, आमच्या घरच्या पंचांगात आज एक तिथी आणि शेजारच्यांकडे दुसरीच, असं कसं?" पालकही विचारतात. "असतं तसं" म्हणून आपण सोडून देतो. खरं तर या प्रश्नाचं उत्तर द्यायला आपल्याच किनाऱ्यावरचं एक पुस्तक फार उपयोगी पडतं.

अलिबागहून मुरुडला जाताना काशीद सोडलं की नांदगाव येतं. सिद्धिविनायकाच्या देवळामुळे गाव सगळ्यांना माहीत असतं. याच गावात गणेश दैवज्ञ राहत होते. त्यांचे वडील केशव दैवज्ञ हेही मोठे ज्योतिषी. गणेश दैवज्ञांचा 'ग्रहलाघव' हा संस्कृत ग्रंथ शके 1442 चा, म्हणजे इसवी सन 1520 चा. पुढची काही शतकं महाराष्ट्रात आणि आसपासच्या प्रांतांत पंचांगं मुख्यतः याच ग्रंथावरून तयार होत होती.

लाघव म्हणजे सोपेपणा. काय सोपं केलं, ते मुलांना करूनच दाखवावं. जुन्या पद्धतीत कलियुगाच्या आरंभापासून किती दिवस गेले हे मोजून मग ग्रह काढत. आज ती संख्या अठरा लाखांच्या पुढे जाते! गणेश दैवज्ञांनी सुरुवात आपल्याच काळातल्या शके 1442 पासून धरली आणि पुढच्या काळाचे अकरा-अकरा वर्षांचे तुकडे पाडले. अशा एका तुकड्याला 'चक्र' म्हणतात. चक्राचे दिवस 4016. हा आकडा कुठून आला? अकरा वर्षांचे 132 महिने, त्यात साधारण चार अधिक महिने, एकूण 136 चांद्रमास. एका चांद्रमासाचे साडेएकोणतीस दिवसांहून थोडे जास्त, 29.53. आता गुणाकार करा. उत्तर 4016 च्या अगदी जवळ येतं.

शके 1947 घेऊ. त्यातून 1442 वजा केले की 505. अकराने भागले, भागाकार 45, बाकी 10. म्हणजे 45 चक्रं झाली. उरलेल्या दहा वर्षांचेच काय ते दिवस मोजायचे, ते 4016 पेक्षा कमीच भरतात. शिवाय ज्या म्हणजे साइनची कोष्टकंही या ग्रंथात लागत नाहीत, साध्या गुणाकार-भागाकारावर काम भागतं. पाठ करायला सोयीचं म्हणून सगळं श्लोकात. आकडेही शब्दांत येतात. दोन, समुद्र (4), इंद्र (14) असे शब्द घेऊन उजवीकडून वाचलं की 1442. मुलांना हा खेळ फार आवडतो, अर्धा तास सहज जातो.

पण मला यातली सर्वांत महत्त्वाची गोष्ट वेगळीच वाटते. त्या काळी सूर्यसिद्धांत, आर्यपक्ष, ब्राह्मपक्ष असे वेगवेगळे संप्रदाय होते आणि जो तो आपल्या ग्रंथाला धरून चाले. केशव दैवज्ञांनी स्वतः आकाश पाहून कोणता ग्रह कुठल्या ग्रंथाशी जुळतो ते तपासलं. मुलाने तेच पुढे नेलं. सूर्य सूर्यसिद्धांताचा घेतला, गुरू आर्यपक्षाचा घेतला. शनी आर्यपक्षाचाच, पण त्यात चक्क पाच अंश मिळवून! हात ताठ लांब करून मधली तीन बोटं जुळवून धरली की आकाशात साधारण पाच अंश झाकले जातात. एवढा फरक डोळ्यांना दिसतो, मग पोथीत काहीही असो, दुरुस्ती करायची. याला 'दृक्प्रत्यय' म्हणतात. गणित डोळ्यांना पटलं पाहिजे.

आता गंमत बघा. सोपं केलेलं गणित हे शेवटी जवळपासचं गणित असतं आणि लहान चूक वर्षागणिक साठत जाते. एकोणिसाव्या शतकापर्यंत ग्रहलाघवाचे ग्रह आकाशाशी जुळेनासे झाले. हे उघडपणे मांडणाऱ्यांत पुढे होते केरो लक्ष्मण छत्रे. त्यांचा जन्म नागावचा, म्हणजे याच रस्त्यावर अलिबागजवळ. 1860 मध्ये त्यांनी युरोपातल्या नव्या वेधांवर आधारलेली 'ग्रहसाधनाची कोष्टके' छापली. त्यावरून नवं पंचांग निघालं आणि वाद पेटला. पूर्वजांचा ग्रंथ सोडायचा कसा, असं अनेकांना वाटलं. हा सगळा इतिहास शंकर बाळकृष्ण दीक्षितांच्या 1896 च्या 'भारतीय ज्योतिषशास्त्र' या पुस्तकात सापडतो. (दीक्षित मुरुडचे, पण दापोलीजवळच्या मुरुडचे, आपल्या जंजिऱ्याच्या नव्हे.)

आता मुलांचा प्रश्न. सूर्य आणि चंद्र यांच्यात बारा अंशांचं अंतर वाढलं की एक तिथी पूर्ण होते. सूर्योदयाला जी तिथी चालू असेल ती त्या दिवसाची. तिथी नेमकी सूर्योदयाच्या सुमारास बदलत असेल तर गणितातल्या काही मिनिटांच्या फरकाने एका पंचांगात एक तिथी येते, दुसऱ्यात दुसरी. पद्धत वेगळी, म्हणून उत्तर वेगळं. कुणी मुद्दाम खोटं छापत नाही.

किनाऱ्यावरच्या शाळांना हे तपासायला दुर्बीण लागत नाही. तिथीला तीनाने गुणून चाराने भागलं की पूर्ण भरतीची साधारण वेळ मिळते, हा हिशोब आपल्याकडच्या होडीवाल्यांना माहीत असतो. चतुर्थीला तीनच्या सुमारास, अष्टमीला सहाच्या. अमावास्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण, अष्टमीला भांग. पंधरा दिवस मुलांनी घरच्यांना विचारून किंवा मोठ्यांबरोबर जाऊन भरतीची वेळ टिपावी, शेजारी पंचांगातली तिथी लिहावी आणि हिशोबाने आलेली वेळ तिसऱ्या रकान्यात. फरक कुठल्या दिवशी जास्त आला, तिथे लाल खूण करायला सांगा.