गायींच्या गावातला घोड्यांचा डॉक्टर

नंदुरबार जिल्ह्यात तापीकाठच्या सारंगखेड्याला दत्तजयंतीची यात्रा भरते, तेव्हा मारवाडी, काठियावाडी घोड्यांच्या रांगा लागतात. एरवी खेड्यातल्या पशुवैद्यकीय दवाखान्याचा दिवस गायी-म्हशी नि शेळ्यांतच सरतो. घोडा येतो अधूनमधून: वरातीचा, टांग्याचा, हौसेनं पाळलेला. तो आला की डॉक्टरला वेळेचा हिशेब नव्यानं मांडावा लागतो.

गाईची वार पडायला बारा तास लागले तरी घरचे वाट पाहतात. घोडीची तीन तासांत पडली नाही तर धावपळ करावी लागते. नाहीतर गर्भाशयातलं विष अंगात भिनतं, खुरांच्या आतल्या नाजूक थराला सूज येते आणि घोडी जन्माची लंगडी होऊ शकते. पाणमोट फुटल्यावर शिंगरूही अर्ध्या तासात बाहेर यायला हवं. त्यात घोड्या बहुधा रात्रीच वितात, म्हणजे फोनही रात्रीच.

सगळ्यात धास्ती पोटशूळाची. घोड्याला ओकता येत नाही. जठरात वायू वा पाणी तुंबलं तर ते फुटूही शकतं, म्हणून डॉक्टर नाकातून नळी घालून आधी ताण उतरवतो. मग दोन्ही कुशींना स्टेथोस्कोप लावून आतड्यांची गुडगुड ऐकतो. शांतता असेल तर लक्षण वाईट. निरोगी घोड्याची नाडी मिनिटाला 28 ते 44. ती साठीपलीकडे गेली आणि वेदनाशामकानंही उतरली नाही, तर आतड्याला पीळ पडल्याचा संशय येतो. त्याला शस्त्रक्रियाच हवी, आणि तशी सोय असते दूरच्या शहरात.

ग्लँडर्सचं तंत्र उलटं: तिथे धावपळ नाही, वाट पाहणं. माणसालाही होणाऱ्या या रोगाच्या संशयावरून घेतलेलं रक्त हिसारच्या राष्ट्रीय अश्व संशोधन केंद्रात तपासलं जातं. तोवर घोडा वेगळा बांधून थांबायचं. रोग पक्का ठरला तर उपचार नाहीत; 2009 च्या कायद्यानुसार जनावर मारावं लागतं. समोर चंदी खात उभ्या असलेल्या घोड्याबद्दल मालकाला हे सांगणं, हाही डॉक्टरच्या कामाचाच भाग.

तरी डॉक्टर पोचतो तो दुसरा. पहिला असतो रोज खरारा करणारा मोतद्दार. तोबऱ्यात चंदी उरली, सकाळपासून लीद पडली नाही, घोडा वळून कुशीकडे बघतो, हे त्यालाच आधी दिसतं. त्यानं दुपारी फोन केला तर बहुतेकदा नळी आणि औषधावर भागतं. ‘उद्या बघू’ म्हटलं, तर उद्या बघायला उशीर झालेला असतो. म्हणून जाणता डॉक्टर औषध देऊन लगेच निघत नाही. मोतद्दाराला बाजूला घेतो, घोड्याची नाडी जबड्याखाली कुठे लागते ते त्याच्या बोटांना दाखवतो, आणि मगच गाडीला किक मारतो.