गळ्यागळ्यातले गाणे : संगीतकार वसंत देसाई

चित्रपटाच्या संगीतकाराची योग्यता आपण सामान्यतः त्याची किती गाणी गाजली यावरून ठरवतो. हे मोजमाप चुकीचे नाही, पण अपुरे आहे. गाजलेली गाणी आपण ऐकतो पुष्कळ, म्हणतो मात्र थोडी. ऐकण्याचे गाणे आणि म्हणण्याचे गाणे या दोन निरनिराळ्या वस्तू आहेत, आणि दुसरी घडवणे पहिलीपेक्षा सोपे असते हा समज खरा नव्हे. कै. वसंत देसाई यांनी या दोन्ही वस्तू घडवल्या. ते दुसरीकडे कसे वळले आणि त्याचे आपल्याला महत्त्व काय, एवढेच येथे सांगावयाचे आहे.

समूहगान म्हणजे काय हे कपिलधारच्या श्रोत्यांना समजावून सांगण्याची गरज नाही. कार्तिकी पौर्णिमेला मन्मथस्वामींच्या समाधीच्या दर्शनाला मराठवाड्यातून, कर्नाटकातून, तेलंगणातून दिंड्या येतात. भजन म्हणणाऱ्यांत शिकलेला गळा शंभरात एखादाच असेल. पण सगळे मिळून म्हणू लागले की कच्चे आवाज पक्क्या आवाजांच्या आधाराने उभे राहतात. याचे श्रेय म्हणणाऱ्यांच्या भक्तीला आहेच, पण ते चालीलाही आहे. आपल्या भाषेने गाण्याच्या घडणीला ‘चाल’ हा शब्द दिला, तो उगीच नव्हे. जिच्याबरोबर माणसांना पाऊल टाकता येते, ती चाल. देसायांनी पुढे जे साधले त्याची मुळे या परंपरेत आहेत.

त्यांचा जन्म 9 जून 1912 रोजी सावंतवाडी संस्थानातील सोनवडे या गावी झाला. दशावतार आणि कीर्तन यांच्या त्या मुलखातून ते कोल्हापूरला आले. 1929 साली तेथे प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली आणि देसाई तिच्यात दाखल झाले. चित्रपट तेव्हा मुके होते. 1930 च्या ‘खुनी खंजर’ या मूकपटात त्यांनी भूमिका केली. ज्याला आयुष्यभर संगीत द्यावयाचे होते, त्याची सुरुवात अशी आवाज नसलेल्या पडद्यावर झाली. 1932 साली ‘अयोध्येचा राजा’ने मराठी चित्रपट बोलका केला, तेव्हा त्याचे संगीतकार गोविंदराव टेंबे होते. टेंबे, केशवराव भोळे, मास्टर कृष्णराव अशा मातब्बरांचे काम देसायांनी प्रभातमध्ये जवळून पाहिले. ते गायले, ‘धर्मात्मा’, ‘संत ज्ञानेश्वर’ अशा चित्रपटांत वावरले, साहाय्यक म्हणून राबले. कारखान्यात हेल्पर म्हणून शिरलेला हुशार पोरगा प्रत्येक यंत्राजवळ उभा राहून जसा कसबी कामगार होतो, तसेच हे शिक्षण होते. त्याला प्रमाणपत्र नसते, पण ते पक्के असते.

1942 साली व्ही. शांताराम यांनी प्रभात सोडून मुंबईत परळला राजकमल कलामंदिर सुरू केले. देसाई त्यांच्याबरोबर गेले. गिरण्यांच्या भोंग्यांवर दिवस मोजणाऱ्या त्या वस्तीतून ‘शकुंतला’ (1943), सोलापूरच्या द्वारकानाथ कोटणीसांवरील ‘डॉ. कोटणीस की अमर कहानी’ (1946), ‘लोकशाहीर राम जोशी’ (1947) आणि ‘अमर भूपाळी’ (1951) हे चित्रपट बाहेर पडले. यांपैकी शेवटचे दोन शाहिरांच्या जीवनावरचे. ‘अमर भूपाळी’ ही होनाजीची कथा; 1952 साली ती फ्रान्समधील कान महोत्सवाच्या स्पर्धेत होती. तमाशाचा फड आणि पहाटेची भूपाळी ही दोन टोके एकाच चित्रपटात सांभाळणे हे संगीतकाराच्या कसोटीचे काम. आचार्य अत्रे यांच्या ‘श्यामची आई’लाही (1953) संगीत त्यांचेच. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळवणारा तो पहिला चित्रपट.

यानंतर आले ते विद्वत्तेचे शिखर. ‘झनक झनक पायल बाजे’चे (1955) शीर्षकगीत त्यांनी उस्ताद अमीर खाँ यांच्याकडून अडाणा रागात गाऊन घेतले. तरुण शिवकुमार शर्मांचे संतूर चित्रपटात प्रथम वाजले ते याच चित्रपटात. ‘गूँज उठी शहनाई’साठी (1959) उस्ताद बिस्मिल्ला खाँ यांची सनई त्यांनी पडद्यामागे आणली. थोर कलावंतांना चित्रपटात मान देणारे संगीतकार मोजके होते, आणि देसाई त्यांत अग्रभागी होते. मात्र येथे एक गोष्ट नमूद केल्यावाचून आम्हांला राहवत नाही. त्या काळच्या श्रेयनामावलीत संगीतकाराचे नाव ठळक असे. पण व्हायोलिनच्या रांगेत बसून दिवसभर तेच तुकडे वाजवणाऱ्यांची नावे बहुधा नसत. एका नावाने ओळखले जाणारे संगीत पुष्कळ हातांचे असते, हे ऐकणाऱ्याने तरी विसरू नये.

असा रागदारीत मुरलेला माणूस अगदी साध्या चालीकडे का वळला? याचे उत्तर ‘दो आँखें बारह हाथ’ (1957) या चित्रपटात आहे. औंध संस्थानात आटपाडीजवळ स्वतंत्रपूर येथे कैद्यांची खुली वसाहत स्थापन झाली होती. भिंतीवाचून, विश्वासावर चालणारा तो तुरुंग. त्याच मुलखातल्या ग. दि. माडगूळकरांनी या कल्पनेवर कथा लिहिली. एक जेलर सहा खुनी कैद्यांना माळरानावर घेऊन जातो आणि त्यांच्याकडून शेत पिकवतो. या कथेसाठी प्रार्थना हवी होती. शब्द भरत व्यासांनी लिहिले, आवाज लता मंगेशकरांचा. आता विचार करा : ही प्रार्थना खुनी माणसांच्या तोंडी शोभली पाहिजे. तिथे तान नको, मुरकी नको. जे गाणे त्या सहा जणांना म्हणता येणार नाही, ते त्या कथेत खोटे ठरले असते. चालीचा साधेपणा ही येथे कथेचीच मागणी होती.

हा साधेपणा कसा घडतो, ते थोडे पाहू. कामगारांच्या सभेत गाणे म्हणवून घेण्याचा प्रसंग आमच्यावर वरचेवर येतो. पहिली ओळ सगळे म्हणतात. अंतरा वर चढला की आवाज विरळ होतात, आणि शेवटी व्यासपीठावरचे चौघेच उरतात. गाणे मरते ते तीन ठिकाणी : स्वर गळ्याबाहेर गेला, श्वास घ्यायला जागा राहिली नाही, किंवा पुढे काय येणार याचा अंदाज लागला नाही. देसायांची प्रार्थना या तिन्ही जागा ओळखून बांधलेली आहे. ओळी आखूड आहेत आणि लय संथ आहे. ओळ संपली की दम घेता येतो. अंतऱ्यात चाल वर जाते, पण एकच वळण पुन्हा घेत जाते. त्यामुळे नवख्यालाही पुढची पायरी दिसते, आणि ध्रुवपदाशी परतल्यावर सगळे पुन्हा एकत्र येतात. दिंडीतल्या भजनाचा नियम हाच.

याच सुमाराच्या पिढीत जर्मनीत हान्स आयस्लर नावाचा संगीतकार झाला. शोनबर्गसारख्या अवघड संगीताच्या आचार्याचा तो शिष्य. पण त्याने कामगारांच्या गायनमंडळांसाठी गाणी बांधली, 1932 च्या ‘कूले वाम्पे’ या बेकारांवरील चित्रपटाला संगीत दिले, आणि पुढे राजकीय मतांमुळे 1948 साली त्याला अमेरिका सोडावी लागली. त्याच्या गाण्यांत कूच करणाऱ्या पावलांचा ठेका आहे, तर देसायांच्या गाण्यांत प्रार्थनेची बैठक आहे. दोघांचे विचार निराळे होते. परंतु उत्तम शिक्षण घेतलेल्याने सामान्य गळ्याचा अभ्यास करणे हा कमीपणा नव्हे, हे दोघांनीही जाणले होते.

पुढे देसायांनी हेच काम पडद्याबाहेर नेले. ‘एक सूर एक ताल’ या उपक्रमात शाळांतील हजारो मुले एकत्र बसून एका आवाजात गाऊ लागली. 1966 साली एम. एस. सुब्बलक्ष्मी यांनी संयुक्त राष्ट्रसंघात विश्वमैत्रीची जी संस्कृत प्रार्थना म्हटली, तिची चालही देसायांची. ‘आशीर्वाद’मध्ये (1968) त्यांनी आगगाडीचे गाणे चक्क अशोककुमारांकडून म्हणवून घेतले, आणि पोराबाळांनी ते उचलले. ‘गुड्डी’त (1971) वाणी जयराम यांच्याकडून मल्हार गाऊन घेणाऱ्या देसायांनी त्याच चित्रपटात गुलजारांच्या शब्दांना शाळेतल्या मुलींची प्रार्थना म्हणून चाल दिली. ती आज अनेक शाळांतून सकाळी म्हटली जाते. म्हणणाऱ्या मुलांना संगीतकाराचे नाव ठाऊक नसते. चालीला मिळणारा याहून मोठा मान आम्हांला माहीत नाही.

22 डिसेंबर 1975 रोजी मुंबईत राहत्या इमारतीतील लिफ्टच्या अपघातात त्यांचा अंत झाला. हातातले काम चालू असताना, वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षी. यंत्राच्या एका चुकीने माणूस कसा जातो हे कामगारांना सांगावयास नको.

आता गाणे खिशातल्या यंत्रात आले आहे आणि ज्याचे त्याने कान झाकून ऐकावयाचे झाले आहे. ऐकणे वाढले, म्हणणे आटले. एकत्र म्हणताना शेजारच्याचा आवाज ऐकावा लागतो, आपला थोडा आवरावा लागतो, मागे राहिलेल्यासाठी लय धरून ठेवावी लागते. ही सवय गाण्यापुरती राहत नाही; संघटना, पंचायत, शाळा, सगळे तिच्यावरच चालते. म्हणून देसायांचे स्मरण करावयाचे तर त्यांची तबकडी लावून गप्प बसण्यापेक्षा, चार माणसे जमवून त्यांची एखादी प्रार्थना म्हणावी. सूर थोडा हलला तरी हरकत नाही. चाल सांभाळून घेईल, कारण ती त्यासाठीच बांधलेली आहे.