दुर्बीण नसलेली वेधशाळा

वेधशाळा म्हटली की उंच डोंगर, गोल घुमट आणि आभाळाकडे रोखलेली नळी आपल्या डोळ्यांपुढे येते. हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ जी वेधशाळा व्हावयाची आहे, तिच्यात यातले काहीच असणार नाही. भर दुपारी किंवा श्रावणाची झड लागलेली असतानाही तिचे काम चालेल. मग तिला वेधशाळा का म्हणावयाचे? तुमचा प्रश्न रास्त आहे.

थोडे मागे जाऊ. गॅलिलिओने १६०९ साली दुर्बीण आभाळाकडे वळविली, तेव्हापासून या शास्त्राचा सारा व्यवहार प्रकाशावर चालत आला. हिंगोलीचा मुलूख तेव्हाच्या निजामी राज्यातला. त्या राज्यात नवाब जफर जंग नावाच्या हौशी गृहस्थांनी १९०१ साली हैदराबादेत वेधशाळा काढली आणि तिच्यासाठी १५ इंची दुर्बीण आणविली. १९०८ मध्ये ती सरकारने आपल्याकडे घेतली. पुढे तेथील मंडळींनी आभाळाच्या एका पट्ट्याचे फोटो घेऊन साडेसात लाखांहून अधिक ताऱ्यांच्या जागा मोजून नोंदविल्या. एकेक ठिपका मोजावयाचा, लिहावयाचा! मला तर हे काम दुर्बिणीपेक्षाही मोठे वाटते. नंतरच्या काळात नारायणगावजवळ खोडदला ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या उभ्या राहिल्या. त्या रेडिओलहरी टिपतात. पण त्या लहरी म्हणजे प्रकाशाचीच भावंडे.

औंढ्याचे यंत्र मात्र वेगळ्याच लहरींची वाट पाहणार आहे. दोन प्रचंड वजनाचे तारे एकमेकांभोवती गरगर फिरत आदळले, तर खुद्द अवकाशालाच हेलकावा बसतो आणि तो पसरत जातो, असे आइन्स्टाइनने १९१६ साली गणिताने मांडले. यांना गुरुत्वीय लहरी म्हणतात. त्या ढग, डोंगर, सारी पृथ्वीही पार करून जातात. प्रत्यक्ष सापडायला मात्र १४ सप्टेंबर २०१५ उजाडावा लागला. सुमारे १३० कोटी प्रकाशवर्षांवर दोन कृष्णविवरे एक झाली, त्याची चाहूल अमेरिकेतल्या लायगोच्या दोन यंत्रांना लागली. अशी क्षीण खूण गोंगाटातून निवडून काढण्याच्या गणितात पुण्याच्या आयुका संस्थेतील संजीव धुरंधर यांचा मोठा वाटा आहे, हे शिक्षकांनी मुलांना जरूर सांगावे.

यंत्र कसे चालते? काटकोनात दोन नळ्या, प्रत्येकी ४ किलोमीटर लांब, आतली हवा काढून टाकलेली. लेसरचा एक किरण दुभागून दोन्हींत सोडतात. टोकाच्या आरशांवरून तो परत येतो. लहर आली की एक बाजू किंचित लांब, दुसरी किंचित आखूड होते आणि परतलेल्या किरणांचा मेळ बिघडतो. हे ‘किंचित’ म्हणजे किती? अणूच्या गाभ्यातल्या प्रोटॉनचे काहीशे भाग केले, तर त्यातल्या एका भागाएवढे.

म्हणून आरसा जमिनीला टेकवून चालत नाही. ४० किलोचा आरसा काचेच्या तंतूंनी लोंबकळत ठेवतात. वर्गात करून बघा. दोरीला दगड बांधा. हात सावकाश हलवला तर दगड मागोमाग येतो. भराभर हलवला तर दगड जवळजवळ जागच्या जागी राहतो. एवढे करूनही त्रास होतोच. अमेरिकेत हॅनफर्डला कावळ्यांच्या जातीचे पक्षी नळावर जमलेला बर्फ टोचत होते, त्याचीही नोंद यंत्रात उमटली!

आता जागा औंढ्याचीच का, ते कळेल. लाटांनी किनारा सतत थरथरतो, आणि येथून समुद्र चारशे किलोमीटरांहून दूर. मोठे कारखाने, अवजड रहदारीही जवळ नाही.

पण अमेरिकेत दोन असताना आणखी एक कशाला? शिवारात विहिरीचा सुरुंग उडाला, तर एका माणसाला तो नेमका कुठे उडाला ते सांगता येत नाही. चौघे दूरदूर उभे असले आणि कुणाला आधी, कुणाला मागून ऐकू आले हे मोजले, की जागा सापडते. २०१५ मध्ये दोनच यंत्रे होती, तेव्हा आभाळाचा फार मोठा तुकडा संशयित राहिला. १७ ऑगस्ट २०१७ ला इटलीतले तिसरे यंत्रही जोडीला होते. जागा इतकी आवळत आली की काही तासांतच साध्या दुर्बिणींना १३ कोटी प्रकाशवर्षांवरची ती दोन न्यूट्रॉन ताऱ्यांची टक्कर दिसली. खोडदच्या तबकड्यांनीही पुढे तिचा माग घेतला. औंढ्याचे यंत्र इतरांपासून फार दूर, म्हणून दिशा आणखी नेमकी मिळेल.

केंद्र सरकारने २०१६ मध्ये तत्त्वतः आणि एप्रिल २०२३ मध्ये पूर्ण मंजुरी दिली; खर्च सुमारे २,६०० कोटी रुपये.

एक शंका तुमच्या मनात असेलच. २१ मार्च २०२४ ला पहाटे हिंगोली भागात ४.५ तीव्रतेचा धक्का बसला. मग यंत्राचे काय? धक्क्याने आरसे डोलतात, किरणांची जुळणी तुटते आणि ती पुन्हा बसवावी लागते. दूरदेशीच्या मोठ्या भूकंपानेही तसेच होते. काम काही वेळ थांबते, एवढेच. रोजची, न थांबणारी थरथर अधिक वाईट. खडी फोडण्याची यंत्रे, जड मालमोटारी जवळ आल्या तर त्या रात्रंदिवस यंत्राच्या कानाशी बोलत राहतील.