कुत्र्याची किंमत आणि कुरणाचे कुंपण

तिबेट म्हटले की आपल्याकडील सुशिक्षितांच्या डोळ्यांपुढे मठ, पताका आणि हिमशिखरे उभी राहतात. पेमा त्सेदेन या तिबेटी दिग्दर्शकाने या चित्राला फारशी किंमत दिली नाही. छिंगहाई प्रांतातील पशुपालक कुटुंबात १९६९ साली जन्मलेले, काही काळ शिक्षकी व नंतर सरकारी नोकरी केलेले हे गृहस्थ बीजिंगच्या चित्रपट अकादमीत शिकले आणि आपल्याच डोंगराळ मुलखावर चित्रपट काढू लागले. मे २०२३ मध्ये, ५३ व्या वर्षी ते निवर्तले. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी तरी त्यांचे चित्रपट पाहावेत, असे मला वाटते.

२०११ च्या ‘ओल्ड डॉग’चे कथानक चार वाक्यांचे आहे. चिनी शहरांतील धनिकांना तिबेटी मॅस्टिफ कुत्र्यांचा षोक जडलेला. चोरीला जाण्यापेक्षा विकलेला बरा, या हिशेबाने मुलगा घरचा कुत्रा दलालाला विकतो. म्हातारा बाप तो परत आणतो. दलाल भाव वाढवत राहतात, चोर टपलेले असतात आणि अखेरीस म्हातारा स्वतःच्या हातांनी त्या मुक्या जनावराचा गळा आवळतो.

याला जुन्याचा हळवा मोह म्हणणे चुकीचे होईल. पशुपालकाला बाजार नवा नाही. लोकर, लोणी, मांस तो पिढ्यान् पिढ्या विकत आला आहे. नवा आहे तो गिऱ्हाईक, ज्याच्यापाशी राखायला कळपच नाही. व्हेब्लेनने १८९९ साली दिखाऊ उपभोगाची मीमांसा करताना कुत्र्याचेच उदाहरण घेतले होते, हे येथे आठवते. पुढे हा षोकही ओसरला. २०१५ च्या सुमारास भाव कोसळले आणि सोडून दिलेल्या कुत्र्यांच्या झुंडी पठारावर भटकू लागल्या. म्हाताऱ्याने नाकारलेला भाव बाजारानेच पुसून टाकला!

याच चित्रपटात कळपापासून तुटलेली एक मेंढी तारेच्या कुंपणातून वाट शोधत राहते आणि कॅमेरा तिच्यावरून हलत नाही. १९८५ च्या तृणभूमी कायद्यानंतर सामाईक कुरणे कुटुंबवार वाटली गेली, कुंपणे आली. त्या धोरणावरील अनेक पानांचे विवेचन या एका दृश्यात सामावले आहे.

‘बलून’ (२०१९) मला अधिक प्रौढ वाटतो. घराण्यातील आजोबा वारतात, सून गरोदर राहते. आजोबाच परत येणार, असे लामा सांगतात. नवऱ्याचा त्यावर विश्वास आहे. दुसरीकडे कुटुंबनियोजनाचा कायदा आणि दंडाची धास्ती. डॉक्टरीणबाई गर्भपाताचा सल्ला देतात. परंपरा आणि शासन या दोघांनाही तिच्या उदरावर हक्क हवा आहे. ती काय ठरवते, हे दिग्दर्शक सांगत नाही. भिक्षुणी झालेल्या बहिणीबरोबर ती घराबाहेर पडते, एवढेच आपल्याला दिसते.