निखाऱ्यावरची चव

डिसेंबर उजाडला, की आमच्या धाराशिव भागात शेतोशेती विस्तव पेटतो. ज्वारीचा हुरडा, हरभऱ्याचे घाटे, राखेत खुपसलेली रताळी आणि वांगी... नुसत्या वासानंच भूक लागते! यंदा सुटीला पुण्याहून आलेली लेक म्हणाली, "आई, गच्चीवर बार्बेक्यू करू या. फ्युजन!" मी म्हटलं, "अगं, निखाऱ्यावर भाजणंच ना ते? आपण जन्मभर तेच करतोय." बोलून गेले खरी, पण 'आपण' म्हणताना एक घर आठवलं आणि मन खट्टू झालं.

२०१२ च्या हिवाळ्यातली गोष्ट. बचत गटाच्या कामासाठी मी जवळच्या गावातल्या एका वस्तीत गेले होते. चुलीपुढं बसलेल्या मावशी निखाऱ्यावर काही तरी भाजत होत्या. मला पाहताच त्यांनी घाईघाईनं ते ताटलीत काढलं आणि वर दुसरी ताटली झाकली. "ताई, हिकडं बसा, च्या टाकते," म्हणाल्या. त्या चान्या होत्या. मला कळलं होतं आणि मला कळलंय हे त्यांनाही कळलं होतं. दोघीही गप्प! घरी चवीनं मटण खाणारी मी, महिला मेळाव्यात समतेवर बोलणारी मी, पण "मावशी, काय भाजताय?" एवढं काही तोंडातून निघालं नाही.

चान्या म्हणजे मोठ्या जनावराच्या मांसाच्या लांब पट्ट्या कापून, उन्हात दोरीवर खडखडीत वाळवलेल्या. मिळालं तेव्हा भरपूर, एरवी काहीच नाही, अशा घरांची ती बेगमी. लागेल तशी पट्टी काढायची, निखाऱ्यावर भाजायची आणि भाकरीबरोबर खायची. नाही तर डाळीत, कालवणात शिजवायची. तेल नको की तूप नको. आपल्याच जिल्ह्यातले लेखक शाहू पाटोळे यांनी 'अन्न हे अपूर्णब्रह्म' या पुस्तकात मराठवाड्यातल्या महार-मांग घरांचं हे सारं खाणं लिहून ठेवलंय. २०१५ मध्ये आलेलं हे पुस्तक २०२४ मध्ये इंग्रजीतही गेलं. त्याआधी २००९ मध्ये पुणे विद्यापीठाच्या स्त्री अभ्यास केंद्रात प्रा. शर्मिला रेगे यांच्या पुढाकारानं दलित घरांतल्या अन्नाच्या आठवणी गोळा झाल्या होत्या. आपल्या पाककृतींच्या पुस्तकांत मात्र या चुलीला पानभरही जागा नव्हती!

त्याच २०१५ च्या मार्चपासून राज्यात गाईबरोबरच बैल आणि वळू यांच्या कत्तलीवरही बंदी आली. म्हशीला ही बंदी लागू नाही. तेव्हा आता जे काही करायचं ते म्हशीच्या मांसाचं किंवा शेळीचं. शेळीच्या बाबतीत तर आपण श्रीमंतच! जिल्ह्याचं नाव २०२३ मध्ये धाराशिव झालं, पण जुळी करडं देणारी ती काळीभोर शेळी आजही उस्मानाबादी म्हणूनच ओळखली जाते.

यंदा धीर करून मावशींकडे गेले आणि विचारलं, "मावशी, तुम्ही मांस भाजता कसं? मला शिकवा." त्या माझ्याकडे बघतच राहिल्या. मग हसून म्हणाल्या, "आत्ता इचारताय व्हय ताई?" मान खाली गेली माझी. पण त्या आल्या आमच्या गच्चीवर. त्यांचा हात, माझा काळा मसाला आणि लेकीची सोया सॉसची बाटली. घ्या, झालं फ्युजन!

अर्धा किलो बिनहाडाचं मांस घ्या. धागे आडवे कापले जातील अशा बोटभर रुंद, पातळ पट्ट्या करा. त्याला आलं-लसणाचं वाटण, दोन चमचे काळा मसाला, एक मोठा चमचा सोया सॉस, एक चमचा कच्च्या पपईचा कीस आणि लिंबाचा रस चोळा. सॉस खारट असतो, म्हणून मीठ बेतानंच. शेळीचं मांस दोन-तीन तास, म्हशीचं चार-पाच तास थंड जागी मुरू द्या. जुन्या लोखंडी घमेल्यात कोळसे पेटवून वर जाळी ठेवा. मावशींचा कानमंत्र असा, की ज्वाळ दिसतेय तोवर मांस ठेवायचंच नाही. निखाऱ्यावर पांढरी राख धरली, की मगच. नाही तर वरून करपतं आणि आत कच्चं राहतं. उलटसुलट करत आतपर्यंत भाजा आणि उतरवताना किंचित गुळाचं पाणी फिरवा. गूळ आधी लावलात तर जळून कडू होईल.

शेजारीच छोटी वांगी, गाजराच्या फोडी, अर्धवट वाफवलेला फ्लॉवर आणि अख्खी कांद्याची पात तेल-मीठ लावून ठेवा. रताळी राखेत पुरा. घट्ट दह्यात कारळाची चटणी कालवली, की तोंडीलावणं तयार. सोबत ज्वारीची गरम भाकरी हवीच.

त्या रात्री मावशी आमच्या पंगतीत बसून जेवल्या. लेकीनं त्यांना विचारून विचारून सगळं वहीत उतरवून घेतलं. जे विचारायला मला इतकी वर्षं लागली, ते तिनं पहिल्या घासालाच विचारलं होतं. मैत्रिणींनो, कुणी काय खावं हा ज्याचा त्याचा प्रश्न. मीही सगळं खाते असं नाही. पण आपण दारात दिसताच एखाद्या बाईला स्वतःच्या घरातलं अन्न झाकावंसं वाटत असेल, तर तिला लाजायचं कारण नाही. विचार आपण करायचा!