मुख्तारा गावच्या बाईसाहेब

लेबनॉनच्या शूफ डोंगरात मुख्तारा नावाचे गाव आहे. तेथील जुना दगडी वाडा जुम्ब्लात घराण्याचा. हे घराणे द्रूझ पंथाचे. अकराव्या शतकात कैरो येथे उगम पावलेला हा पंथ पुढे बाहेरच्यांना बंद झाला. पुनर्जन्म मानणाऱ्या या पंथात पुरुषाला एकच पत्नी करता येते. स्त्रियांनाही धर्मदीक्षा मिळते. परंतु जमातीचे पुढारपण मात्र पुरुषांकडेच असे.

६ ऑगस्ट १९२१ रोजी घराण्याचे प्रमुख फुआद जुम्ब्लात यांचा खून झाला. मुलगा कमाल चार वर्षांचाही नव्हता. तेव्हा कारभार हाती घेतला तो विधवा नझीरा यांनी. लोक त्यांना 'सित्त नझीरा' म्हणत. सित्त म्हणजे बाईसाहेब. खरे तर मुलगा मोठा होईपर्यंत जागा सांभाळायची एवढेच अपेक्षित असावे. पण गावोगावचे तंटे, जमिनीची भांडणे आणि अर्जविनंत्या घेऊन माणसे याच वाड्यात येऊ लागली, आणि फ्रेंच अधिकाऱ्यांनाही शूफमध्ये काही करायचे तर बाईंना वगळून चालेना.

खरी कसोटी १९२५ साली लागली. शेजारच्या सीरियात सुलतान अल्-अत्राश या द्रूझ नेत्याने फ्रेंचांविरुद्ध उठाव केला. फ्रेंचांनी दमास्कसवर तोफा डागल्या. बंडाचे लोण दक्षिण लेबनॉनमध्ये हासबया, राशया येथपर्यंत आले. आपलेच धर्मबंधू लढत असताना नझीराबाईंनी फ्रेंचांशी जुळवून घेतले व शूफ बहुतांशी शांत ठेवला. याला फितुरी म्हणावे काय? पारतंत्र्य भोगलेल्या देशातल्या आपल्यासारख्यांना प्रथम तसेच वाटते. मलाही वाटले. पण शूफमध्ये द्रूझ आणि मारोनी ख्रिस्ती शेजारी राहतात, आणि १८६० साली त्यांच्यात भयंकर कत्तली झाल्या होत्या. बंड शूफमध्ये शिरते, तर आधी शेजाऱ्यांचीच घरे जळण्याची भीती होती. बाईंचे पारडे मला तरी अगदीच हलके वाटत नाही.

१९४३ साली कमाल संसदेत गेले. १९४९ मध्ये त्यांनी समाजवादी पक्ष काढला. आईचे राजकारण घराण्याचे. मुलाची भाषा समतेची. गांधीजी आणि वेदान्त यांच्या ओढीने ते भारतातही येऊन गेले. पुढे १९७७ साली त्यांचाही खूनच झाला.

बाई १९५१ साली वारल्या. लेबनॉनमध्ये स्त्रियांना मताचा हक्क मिळाला १९५२ साली.