झिरझिरीत लोकर

लोकर म्हटलं की आपल्यापुढे घोंगडी येते नाहीतर स्वेटर. ‘नन्स व्हेइलिंग’ मात्र हातात धरून उजेडाकडे केलं तर पलीकडचं दिसतं, आणि तेही लोकरीचंच कापड. ख्रिस्ती ननांच्या डोक्यावरचं काळं-पांढरं वस्त्र याचं असे. १८८०च्या दशकात इंग्लंड-अमेरिकेतल्या बायका त्याचे हलके पोशाख शिवून घेत. कापड जड होणार की तलम, हे लोकरीपेक्षा तिच्यावर केलेल्या मेहनतीवर ठरतं, असं मला या कापडाकडे पाहून ठामपणे वाटतं. तंतूचा वाटा आहेच. आपल्या दख्खनी मेंढीची लोकर राठ, तिची घोंगडीच नामी. मेरिनो मेंढीचा तंतू साधारण २० मायक्रॉनचा, माणसाच्या केसाच्या जवळपास तिसऱ्या हिश्श्याइतका. पण त्याच मेरिनोचं जाड ब्लँकेटही होतं. नन्स व्हेइलिंगसाठी लोकर आधी विंचरतात. आखूड तंतू गळून पडतात, लांब तंतू एका दिशेने लागतात आणि घट्ट पीळ दिला की गुळगुळीत, बारीक सूत निघतं. ते एक वर, एक खाली असं साधंच, पण विरळ विणायचं. हे विंचरणं फार कष्टाचं होतं; तापवलेल्या फण्यांनी हे काम करणारे इंग्लंडमधल्या ब्रॅडफर्डचे हजारो कामगार एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर यंत्रं आल्यावर देशोधडीला लागले. तलम लोकर स्वस्त झाली, तिची ही किंमत होती.

कोणी म्हणेल, एवढा खटाटोप कशाला, सुती मलमल होतीच की! मलमल स्वस्त, धुवायला सोपी. लोकरीला कसर लागते, गरम पाण्यात ती आटते. हे सगळं खरं. पण त्या काळी घरोघरी मेणबत्त्या, शेगड्या आणि गॅसचे दिवे होते. पॅरिसच्या ऑपेरात १८६२ साली तालमीच्या वेळी एमा लिव्हरी या नर्तकीचा घेरदार झगा गॅसच्या दिव्याने पेटला आणि काही महिन्यांनी ती गेली. लोकर सहजासहजी पेट घेत नाही. तिला जळत राहायला साधारण २५ टक्के प्राणवायू लागतो आणि हवेत तो २१ टक्केच असतो. विरळ विणीत हा फायदा कमी होतो, तरी सुती कापडापेक्षा ती सुरक्षितच. शिवाय वजनाच्या जवळपास तिसऱ्या हिश्श्याइतकी वाफ शोषूनही ती ओली लागत नाही. पण कापडाचा पोत मेहनतीवर ठरतो, म्हणून लोकरीचं कापड घेताना लेबल वाचून थांबू नका. ते उजेडासमोर धरा, मुठीत चुरगळून सोडा, आणि मगच दाम मोजा.